पगाराचा बॉल

मॅटिंग उचलायला आठ पोरं लागायची. क्रिकेटच्या पिचवर अंथरायची काथ्याची ती जाड चटई खेळाच्या सामानाच्या खोलीत गुंडाळून ठेवलेली असे. शाळा सुटल्याची घंटा झाली की आठवी-नववीतले आम्ही आठ जण ती खांद्यावर घेऊन ग्राउंडकडे निघायचो. गेटवरचे शिपाईमामा रोज न चुकता टोपी काढायचे आणि विचारायचे, "कोण गेलं रे?" तीन वर्षं हा एकच विनोद, आणि तीन वर्षं आम्ही त्याला हसलो.

ग्राउंडच्या मधोमध मुरमाची एक पट्टी होती. तिच्यावर पाणी मारून, दगडी रोलर फिरवून झाला की मॅट उलगडायची. कडेच्या भोकांतून लोखंडी खिळे ठोकायचे. एक बाजू पक्की झाली की दुसऱ्या बाजूनं सगळ्यांनी मिळून ओढायचं. आमचे खेळाचे सर उभे राहून नुसते "ओढा, ओढा, अजून" एवढंच म्हणायचे. मग बूट-मोजे काढून ते अनवाणी मॅटवरून चालायचे, ह्या स्टंपांपासून त्या स्टंपांपर्यंत, टाचेनं चाचपत. एप्रिलमध्ये आमच्या अमळनेरला संध्याकाळी पाचलासुद्धा ती मॅट तव्यासारखी तापलेली असायची. पण सरांची चाल बदलायची नाही. मध्येच एखादं पाऊल थबकायचं. "इथं हवा राहिली." की खिळे उपटा, पुन्हा ओढा, पुन्हा ठोका. खेळायला मिळायचा जेमतेम सव्वा तास, त्यातली वीस मिनिटं ह्यात जायची. आम्ही मनातल्या मनात शिव्या द्यायचो.

एकदा कुणीतरी धीर करून म्हणालं, "सर, एक दिवस राहू द्या ना तशीच." सर म्हणाले, "सैल मॅटवर विकेट मिळाली तर ती तुझी नसते, मॅटची असते. मग तू घरी जाऊन उगाच खूश होशील."

सर आमच्या शाळेत आले १९८४च्या जूनमध्ये. त्यांच्याआधी त्यांची गोष्ट येऊन पोचली होती. मुंबईला एका मिलकडून क्रिकेट खेळायचे म्हणे. क्रिकेट खेळायचा पगार मिळायचा म्हणे. मोठमोठ्या लोकांबरोबर खेळलेत म्हणे. आणि ह्या सगळ्या 'म्हणे'च्या शेवटी एक सुस्कारा: "आणि आता बघा, आपल्याकडे पी.टी.चे मास्तर." तो सुस्कारा मी पाचवीत ऐकला आणि पुढं पंचवीसेक वर्षं ऐकत राहिलो. न्हाव्याकडे, एसटी स्टँडवर, लग्नाच्या पंगतीत. लोकांच्या लेखी सर म्हणजे मुंबईहून निघालेली आणि अमळनेरला रुळावरून घसरलेली गाडी. हा लेख लिहायला बसलो त्याचं कारण बरंचसं तो सुस्काराच आहे.

सरांचे वडील गावातल्या प्रताप मिलमध्ये होते. भोंग्यावर उठणारं, भोंग्यावर जेवणारं घर. सर डावखुरे. लहानपणी जेवताना डाव्या हाताला आईनं चापट मारमारून तो मागं ओढायला लावला. पण बॉल टाकताना चापट मारायला तिथं कोणी नव्हतं, म्हणून तेवढा तो हात वाचला. उन्हाळ्यात बोरी नदी कोरडी पडली की पात्रातल्या रेतीत सामने चालत, वैशाखात सखाराम महाराजांची यात्रा भरली की पंधरा दिवस बंद. पुढं बी.ए. करताना कॉलेजच्या टीममधून पुण्याला गेले. तेव्हा खानदेशातली कॉलेजं पुणे विद्यापीठात होती. जळगावला आपलं विद्यापीठ झालं ते १९९०मध्ये. पुण्यात कुणीतरी त्यांना बघितलं, चिठ्ठी दिली, आणि १९७४मध्ये सर पॅसेंजरनं जळगाव आणि तिथून मुंबई असे एक ट्रंक घेऊन गेले.

मिलच्या मस्टरवर ते क्लार्क. सकाळी हजेरी लावायची, थोडीफार रजिस्टरं लिहायची, आणि दुपारनंतर मैदानावर. त्या काळी मुंबईतल्या मिल, बँका, मोठ्या कंपन्या, सगळ्यांच्या टीम असत आणि टाइम्स शील्डसाठी त्या एकमेकांच्या जिवावर उठत. आता आयपीएलच्या दिवसांत सांगून पटायचं नाही, पण तेव्हा 'प्रोफेशनल क्रिकेटर' ह्या शब्दाचा आपल्याकडचा अर्थ साधारण एवढाच होता: क्रिकेटमुळे मिळालेली नोकरी. निवृत्त झालं की क्लार्कचा हेडक्लार्क व्हायचं.

सर डावखुरे स्पिनर, आणि हीच अडचण होती. सर ती फार मजेत सांगायचे. रेशनच्या दुकानापुढं रांग असते ना, तशी डावखुऱ्या स्पिनरांची रांग होती. सगळ्यात पुढं, भारताच्या टीममध्ये, बिशनसिंग बेदी. त्यांच्या मागं हरियाणाचे राजिंदर गोयल. रणजी ट्रॉफीत ६३७ बळी घेतलेला माणूस, पण एकही टेस्ट नाही. त्यांच्या बरोबरीनं मुंबईचे पद्माकर शिवलकर: प्रथम श्रेणीत ५८९ बळी, १९७२-७३च्या रणजी फायनलमध्ये तमिळनाडूविरुद्ध चेन्नईला एका डावात १६ धावांत ८ बळी, आणि टेस्ट शून्य. "त्यांच्या मागं," सर म्हणायचे, "मुंबईतल्या प्रत्येक मैदानावरचा एकेक. आणि त्या सगळ्यांच्या मागं, दुकान दिसतसुद्धा नाही अशा वळणावर, पिशवी घेऊन मी."

शिवाय प्रश्न होताच की हा माणूस नेमका कुणाचा. राज्य एक, पण रणजीच्या टीम तीन: मुंबई, महाराष्ट्र, विदर्भ. खानदेश महाराष्ट्राच्या म्हणजे पुण्याच्या वाट्याला. मुंबईच्या लेखी सर बाहेरचे. पुण्याच्या लेखी मुंबईला गेलेले. ती रांगही त्यांना सोडावी लागली. रणजी ते खेळले नाहीत. हे मी स्पष्टच लिहून टाकतो, कारण गावातल्या गोष्टीत ते हळूहळू रणजी खेळायला लागले होते, आणि शेवटी शेवटी तर 'टेस्टसाठी नाव गेलं होतं पण राजकारण झालं' इथपर्यंत मजल गेली होती. सर ऐकायचे आणि खोडायचे. दर वेळी खोडायचे. लोकांना ते आवडायचं नाही.

मुंबईतलं त्यांना काय आवडायचं, तर कांगा लीग. भर पावसाळ्यातली लीग. पिचवर आच्छादन नाही, गवत घोट्यापर्यंत, बॉल चिखलात रुतणार की उसळणार ह्याचा नेम नाही. मॅटचा एकेक खिळा तपासणाऱ्या माणसाला हे का आवडावं, हे मला तेव्हा कळलं नाही. आता वाटतं की तिथं तक्रार करायला जागाच नव्हती, म्हणून असेल. ऑगस्टमधल्या एका रविवारी आझाद मैदानावर त्यांनी टाकलेला एक बॉल ते आम्हाला महिन्यातून एकदा तरी टाकून दाखवायचे, म्हणजे बॉल न घेता, नुसता हात फिरवून. लेग स्टंपवर पडला आणि ऑफ स्टंपची बेल घेऊन गेला. बॅट्समन वाकून पिचकडे बघत राहिला, जसं काही तिथून पायाखाली साप गेलाय. पेपरात? छे. पेपरात 'इतर निकाल' ह्याखाली दीड ओळ.

मग १८ जानेवारी १९८२. गिरणी संपाबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. अडीच लाख कामगार बाहेर पडले आणि संप रीतसर मागं असा कधी घेतलाच गेला नाही. सरांनी मला तो एकदाच सांगितला, जळगावहून परतताना पॅसेंजरमध्ये, आणि तोही किट बॅगेवरून. बॅग मिलच्या आत राहिली होती. बूट, पांढरा ड्रेस, एक स्वेटर. चार दिवसांनी ते ती आणायला गेटवर गेले. गेटबाहेर बसलेल्यांनी विचारलं, तू कोण, कामगार की ऑफिसर? सर म्हणाले, टीममधला. त्यावर दोन्हीकडचे हसले, बाहेरचेही आणि आतला पहारेकरीही. "खरं होतं रे त्यांचं," सर म्हणाले, "त्यांची पोरं उपाशी होती आणि मी बूट मागत होतो." बॅग मिळाली नाही. सहा महिने साठवलेल्या पैशांवर खानावळीत जेवून ते जूनमध्ये घरी आले. तोवर वडील थकले होते. तीस वर्षांचा, डाव्या हातानं बॉल वळवता येणारा बी.ए. पास माणूस. अमळनेरात त्याचं करायचं काय?

बी.पी.एड. केलं, म्हणजे पी.टी.च्या मास्तराची पदवी. २५ जून १९८३च्या रात्री लॉर्ड्सवर भारतानं १८३ धावा करून वेस्ट इंडिजला १४०मध्ये गुंडाळलं तेव्हा सर हॉस्टेलवर होते. पोरं रात्रभर नाचली, आणि सकाळी सहाला कवायतीचं प्रात्यक्षिक होतं त्याला सर एकटे वेळेवर हजर होते, असं त्यांच्याच एका वर्गमित्रानं मला सांगितलं. ह्यात कौतुक किती आणि चेष्टा किती, ते त्याच्या बोलण्यावरून कळलं नाही.

अमळनेरला मास्तर होणं सोपं नाही. इथं १९२४ ते १९३० साने गुरुजी शिकवत होते. मुलांचे कपडे धुणारा, अंथरुणं आवरणारा मास्तर एकदा गावात होऊन गेला की पुढच्या प्रत्येक मास्तराला त्या फोटोखाली उभं राहावं लागतं. शिक्षकदिनाला प्रत्येक पाहुणा फोटोकडे हात करून म्हणणार, 'ही सेवा आहे, नोकरी नव्हे.' आमचे सर त्या वेळी चपलेचा अंगठा बघत बसायचे. एकदा स्टाफरूममध्ये म्हणाले (मी खडू आणायला गेलो होतो), "गुरुजी ते गुरुजी. मला पगार मिळतो. मिळतो तेवढं तरी चोख काम करू द्या." हे ऐकून काहींना राग आला. मास्तरानं पगाराचं नाव काढू नये, असा आपल्याकडे एक अलिखित नियम आहे. घ्यावा, पण बोलू नये.

आणि इथंच तो शब्द येतो. 'पगाराचा बॉल.' तो सरांचाच, दुसऱ्या कुणाच्या तोंडून मी ऐकलेला नाही. ओव्हरमधले सहा बॉल. त्यातले पाच पगाराचे, एक आपला. पगाराचा म्हणजे जिथं पडायला हवा तिथं पडणारा, बॅट्समनला काही करू न देणारा, कुणी टाळी न वाजवणारा. त्याच्यासाठी मिल पैसे देते. सहावा आपला; त्यात काय ती कलाकारी करायची, मार पडला तर पडला. "पण पाच झाल्याशिवाय सहावा मिळत नाही. तुम्ही सगळे पहिल्या बॉललाच सहावा टाकता."

मॅटवर, गुड लेंथच्या जागेवर, ते चार आण्याचं नाणं ठेवायचे. जो उडवील त्याचं. ही युक्ती बापू नाडकर्णींची. नाडकर्णी नाशिकचे, म्हणजे आमच्या शेजारचे, आणि तेही डावखुरे. आधी महाराष्ट्राकडून आणि मग मुंबईकडून खेळले. सरांचा देव तो. बेदींबद्दल ते आदरानं बोलायचे, नाडकर्णींबद्दल मात्र घरातल्या माणसासारखं. सर भूगोलही शिकवायचे. तापी, नर्मदा पश्चिमेला का वाहतात हे सांगताना 'गोदावरीपासून सगळ्या नद्या आऊटस्विंग, तापी एकटी आत येते' असं काहीतरी सांगून ते आम्हाला खचदरी समजावत. आणि तास संपायला पाच मिनिटं उरली की फळ्याच्या कोपऱ्यात चार आकडे लिहायचे:

३२-२७-५-०

जानेवारी १९६४, मद्रास, इंग्लंडविरुद्ध. ३२ ओव्हर, २७ मेडन (म्हणजे एकही धाव न दिलेल्या ओव्हर), ५ धावा, विकेट शून्य. त्यातल्या २१ मेडन सलग. ओळीनं १३१ बॉलवर एकही धाव नाही. "आता सांगा," सर खडू रोखून विचारायचे, "२१ ओव्हरचे बॉल किती? १२६. मग १३१ कसे झाले? पाच बॉल कुठून आले?" आठवीच्या वर्गात हे कोडं आठवडाभर चाललं होतं. कुणी म्हणे नो-बॉल, कुणी म्हणे अंपायर मोजायला चुकला. मागच्या बाकावरच्या एकानं, ज्याला बेरीज येत नाही म्हणून गणिताचे सर रोज बाकावर उभं करायचे, त्यानं सांगितलं: आधीच्या ओव्हरचं शेपूट आणि नंतरच्या ओव्हरचं तोंड. सरांनी त्याला चार आणे दिले. तो पोरगा आता चोपड्याकडं केळीचे ट्रक भरून पाठवतो आणि हिशेबात कुणाला ऐकत नाही.

माझा प्रश्न वेगळा होता. मी विचारलं, "पण सर, विकेट तर शून्य. मग ह्यात रेकॉर्ड कसलं?" सर माझ्याकडं जरा जास्त वेळ बघत राहिले. तेवढ्यात घंटा झाली.

पुढं मी ह्या विषयावर हाताला लागेल ते वाचलं. क्रिकेटर आणि शिक्षक हे जोडकाम नवं नाही. आपले दि. ब. देवधर पुण्यात एस. पी. कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक. महाराष्ट्रानं १९३९-४० आणि १९४०-४१ अशी लागोपाठ दोनदा रणजी जिंकली ती त्यांच्या नेतृत्वाखाली, आणि पन्नाशीच्या उंबरठ्यावर त्यांनी मुंबईविरुद्ध २४६ ठोकले. पण ते शिकवता शिकवता खेळले. खेळून झाल्यावर शिकवायला आले नाहीत. उलट दिशेचं उदाहरण इंग्लंडच्या फ्रँक टायसनचं. इंग्रजी साहित्याचा पदवीधर, आणि तुफान फास्ट. १९५४-५५मध्ये ऑस्ट्रेलियात पहिल्या टेस्टला ब्रिस्बेनमध्ये १६० धावा देऊन एक विकेट, आणि इंग्लंडचा डावानं पराभव. त्यानं आपला लांबलचक रनअप कापून आखूड केला. पुढच्या टेस्टला सिडनीत डोक्याला बाउन्सर लागून बेशुद्ध पडला, आणि उठून त्याच सामन्यात दहा बळी घेतले. नंतर मेलबर्नला २७ धावांत ७. सतरा टेस्टमध्ये ७६ बळी, आणि १९६०मध्ये, तिशीतच, खेळ संपवून मेलबर्नच्या एका शाळेत मास्तर. ज्यांच्या बॅट्समनना त्यानं झोपवलं होतं त्यांच्याच पोरांना शिकवायला! मला हे भारी वाटतं. पण वाचताना एक गोष्ट खटकत राहिली. कुठंही बघा, त्या एका दौऱ्याला पानंच्या पानं, आणि 'नंतर शिक्षकी पेशा पत्करला' ही एक ओळ. त्या ओळीत किती वर्षं, किती हजेऱ्या, किती पेपरांचे गठ्ठे? आमच्या गावचा सुस्कारा आणि ही एक ओळ, दोन्ही सख्खी भावंडं.

इंग्लंडात १९६२पर्यंत हौशी खेळाडू आणि पगारी खेळाडू अशी सरळ वर्णव्यवस्था होती. 'जंटलमन' म्हणजे फुकट खेळणारे, 'प्लेअर्स' म्हणजे पैसे घेणारे, आणि त्यांचे आपसात सामने १८०६पासून. हौशी माणसाची आद्याक्षरं आडनावाच्या आधी छापायची, पगाऱ्याची नंतर. १९५०मध्ये लॉर्ड्सवर लाउडस्पीकरवरून चक्क दुरुस्ती जाहीर झाली: स्कोअरकार्डावर 'एफ. जे. टिटमस' छापलंय ते 'टिटमस, एफ. जे.' असं वाचावं! हे वाचलं तेव्हा मला आमचं हजेरीपत्रक आठवलं. सरांच्या तिरक्या डावऱ्या अक्षरातलं, आडनाव आधी आणि नाव नंतर. त्या हिशेबानं आठवी ब पूर्णच्या पूर्ण प्रोफेशनल होती.

आता माझी गोष्ट. टाळता आली असती तर टाळली असती.

मी डावखुरा नाही, पण स्पिनर होतो. ऑफस्पिन. नाणं तीन वर्षांत एकदा उडवलं (सर म्हणाले, "फ्लूक. पण चार आणे खरे"). नववीत असताना सर आम्हा तिघांना जळगावला जिल्ह्याच्या निवडीला घेऊन गेले. येताना त्यांनी स्टेशनबाहेर स्वतःच्या पैशानं शेवभाजी खाऊ घातली. तिचा जाळ आणि किट बॅगेची ती गोष्ट माझ्या आठवणीत एकत्रच राहिली आहे. तिघांतलं माझं एकट्याचं नाव यादीत आलं. पुढं पुण्याला शिबिर, नेमकं दहावीच्या सुट्टीतल्या क्लासच्या वेळेला. आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, क्लासचे पैसे आधीच भरले होते. ते सरांना विचारायला शाळेत आले. मी व्हरांड्यात खांबामागं उभा. मला खात्री होती, आता सर आप्पांना असं काही ऐकवतील की बस.

सर म्हणाले, "दहावी करू द्या त्याला."

एवढंच. आप्पा दोन मिनिटांत नमस्कार करून निघाले. मी ग्राउंडवर जाणं बंद केलं. दहावीचं पूर्ण वर्ष, बोर्डाची परीक्षा होईपर्यंत. आमचं घर शाळेच्या मागच्याच गल्लीत. रोज साडेचारला खिळे ठोकल्याचा आवाज यायचा. बाहेरचा कुणी मला फसवता तर चाललं असतं, ह्यांनी फसवलं. सरांनी कधी बोलावणं पाठवलं नाही, वर्गात कधी विषय काढला नाही, भूगोलात एक मार्कही कमी-जास्त केला नाही. शेवटचा पेपर झाला त्या संध्याकाळी मी गेलो. सर म्हणाले, "खिळे मोज. एक कमी वाटतो." जणू मी कालच येऊन गेलो होतो. एक खरंच कमी होता.

त्यांनी तसं का केलं, हे विचारायला मला जवळजवळ वीस वर्षं लागली. २०१० साली ते निवृत्त झाले, निरोप समारंभ झाला, शाल-श्रीफळ झालं. सात वक्ते, सातही जणांनी साने गुरुजींचा दाखला दिला आणि त्यातल्या तिघांनी 'भारतीय संघाच्या उंबरठ्यावरून' वगैरे. सर उठले आणि म्हणाले, "मी सव्वीस वर्षं ह्या संस्थेचा पगार घेतला. एक महिनाही उशिरा झाला तर कुरकुर केली. रणजी खेळलो नाही, हे पुन्हा एकदा सांगतो. चटई आता कुजत आलीये, नवी घ्या." आणि बसले. लोकांना वाटलं भावना अनावर झाल्या. नव्हत्या झाल्या; त्यांचं बोलून झालं होतं.

जेवणाच्या पंगतीत मी शेजारी बसलो आणि विचारलं. भरीत-भाकरीचा घास तसाच धरून सर म्हणाले, "बॉल तुझा बरोबर पडत होता. पण तो पाडायला तुला आवडायचं नाही. तुला विकेट आवडायची. विकेट सगळ्यांनाच आवडते रे." मग जरा वेळानं, भाकरी मोडत, अहिराणीत: "आन् मी ती रांग दखेल व्हती ना भो."

ह्यातलं खरं कारण कुठलं, हे मी अजून ठरवू शकलेलो नाही. पहिलं असेल तर ते एका पगारी बॉलरनं दुसऱ्याबद्दल दिलेलं मत आहे आणि ते मला मान्य करावं लागेल. दुसरं असेल तर त्यांनी स्वतःची भीती माझ्या नावावर टाकली, आणि तो हक्क त्यांना नव्हता. कधी कधी वाटतं, पुण्याला जाऊन महिनाभरात परत आलो असतो तरी चाललं असतं. मी आता बँकेत आहे. मार्चअखेरीला रात्री नऊला खाती जुळवताना, कुणीही टाळी वाजवणार नाही अशा त्या कामात, ३२-२७-५-० आठवतं; पण ते त्यांनी मला शिकवलं म्हणून, की माझ्यासाठी ठरवलं म्हणून, कोण जाणे.

२०२५च्या मार्चमध्ये त्यांच्याकडे गेलो होतो. पद्माकर शिवलकर गेले त्याच्या दुसऱ्या की तिसऱ्या दिवशी. वाटलं होतं, सर त्यावर काही बोलतील. ते म्हणाले, "गोयल आधीच गेले, बेदीही गेले. रांग पुढं सरकली." आणि स्वतःच हसले. डावा खांदा आता वर जात नाही. शर्ट घालताना काकू बाही धरतात.

काकू गच्चीवर बिबड्या घालत होत्या. ज्वारीचं शिजवलेलं पीठ, त्यात तीळ-लसूण, आणि त्या गरम गोळ्याच्या हातावर थापून लहान लहान चकत्या. धोतरावर ओळींवर ओळी. धोतराखाली काय अंथरलंय म्हणून बघितलं तर मॅटिंग! जुन्या मॅटचा दोनेक वावांचा तुकडा. शाळेनं भंगारात काढली तेव्हा सरांनी वजनाचे पैसे देऊन घेतला. कडेची भोकं तशीच, पितळी कड्या निघून गेलेल्या. खिळ्यांच्या जागी चार कोपऱ्यांना चार विटा.

"तिच्यावर पाय देऊ नका," काकू ओरडल्या, "ओल्या शेतस अजून!"

सरांनी चपला काढल्या होत्या. बिबड्यांची शेवटची ओळ आणि मॅटची कड ह्यांच्यामध्ये वीतभर जागा होती. तिच्यावरून ते टाच आधी टेकवत, एका पुढं एक पाऊल असे चालत गेले. चौथ्या की पाचव्या पावलाला थांबले. टाच दोनदा दाबून बघितली.

"इथं हवा राहिली," ते म्हणाले. "ती वीट काढ. हं. आता ओढ."

मी ओढली.

"अजून."